सर्वांत सुंदर पुस्तक

महाविद्यालयाशेजारच्या जुन्या पुस्तकांच्या दुकानात निवृत्त प्राध्यापक थॉरवाल्ड एंगेन यांनी नातीसाठी, कारीसाठी, रेषीय बीजगणिताचे पुस्तक निवडले. ते पातळ होते. त्यात एकही चित्र नव्हते, केवळ सिद्धांत आणि त्यांच्या सिद्धता. प्रार्थनापुस्तकावर ठेवावा तसा त्यांनी त्यावर हात ठेवला. त्यांच्या कन्येने, सोल्वेगने, मात्र फळीवरून एक जाडजूड, रंगीत पुस्तक काढले.

"हे घेऊ या, बाबा. मागे उत्तरंही दिलीयत."

"अगं, हे पुस्तक आहे की किराणा दुकानाची जाहिरात? नुसते बाण आणि आकडे! सौंदर्य कुठंय यात?"

"कारीला आधी कळू तर द्या. सौंदर्य कुठं पळून जातंय?"

"तुलाही मी हे पातळच दिलं होतं. महिन्याभरात म्हणालीस, गणित आवडत नाही. मी एका शब्दानं बोललो का तुला?"

"नाही बोललात."

'गणित आवडत नाही' या तिच्या एका वाक्याचे दुःख प्राध्यापकांनी तीस वर्षे मूकपणे वाहिले होते.

"रोज जेवताना तुम्ही विचारायचात, 'किती सुंदर आहे, नाही?' आणि मी मान डोलवायचे," सोल्वेग हळूच म्हणाली. "मला त्यातलं एक पानही कळत नव्हतं, बाबा. आपली मुलगी ढ आहे हे तुम्हाला कळण्यापेक्षा, तिला आवडत नाही असंच वाटलेलं बरं, म्हटलं."

प्राध्यापकांनी पातळ पुस्तकावरचा हात काढला.

"वेडे," ते म्हणाले, "पहिल्या वाचनात ते मलाही कळलं नव्हतं."