पातळ पट्ट्या

“दाजी, बोटांच्या गाठींवर एवढीच पट्टी? एक ठोसा नीट बसला तर तुमचाच हात मोडेल.”

“नीट बसणारच नाहीये,” चॅम्पियन म्हणाला.

पट्टी बांधता बांधता मेहुण्याचा हात थांबला. बहिणीचा नवरा या वयात रिंगमध्ये उतरायचा हट्ट का धरून बसला होता, ते त्याला आत्ता उमगलं. जिंकायला नाही, पडायला.

किताब कधीच काढून घेतला होता, तरी लोक त्याला चॅम्पियनच म्हणत, निम्मे टोमणा म्हणून. करणीच तशी होती. एका लढतीत त्याने पट्ट्यांच्या आत ओलं प्लॅस्टर भरलं. ते सुकून दगड झालं आणि समोरच्याचे डोळे गेले. बंदी आली, तोंड लपवून जगणं आलं. आता बंदी उठली होती आणि पहिलीच लढत त्याने मागून घेतली होती ती त्या माणसाच्या मुलाशी. सगळ्यांदेखत त्याच्या हातचा मार खायचा, म्हणजे जिवाला जरा स्वस्थता मिळेल, असं त्याने ठरवलं होतं.

दार वाजलं. ग्लोव्ह्ज चढवण्याआधी समोरच्या गोटातल्या माणसाने येऊन पट्ट्या तपासायच्या, हा नियमच. पण आलेला माणूस भिंत चाचपडत आला. मुलाने बापालाच पाठवलं होतं.

मेहुण्याने लगबगीने स्टूल पुढे केलं आणि स्वतः कोपऱ्यात जाऊन अंग चोरून उभा राहिला.

“हात दे,” आंधळा म्हणाला.

त्याची बोटं मनगटावरून निघाली, तळव्यावरून फिरली, गाठींवर येऊन थांबली. मागे गेली, परत तिथेच आली. आत काही नाही हे ठाऊक असूनही चॅम्पियनला चोरी पकडली गेल्यासारखं वाटत होतं.

“आत काही नाही,” तो कसाबसा म्हणाला. “शपथ.”

“तेच तर. इथं काहीच नाही.” आंधळ्याने पट्टीचं टोक शोधलं आणि ती सोडायला घेतली. “पडायला आलायस होय रे?”

चॅम्पियनला खोटं बोलवेना. “जिंकू दे की तुझ्या पोराला. माझ्याकडे द्यायला दुसरं आहे काय?”

“भीक नकोय त्याला.” त्याने मेहुण्याच्या दिशेने हात पसरला. “नवी पट्टी आण.”

मेहुण्याने गुंडाळी दिली. आंधळा कसून बांधू लागला. गाठींवर थरावर थर चढला. इतक्या वर्षांनीही हाताला सवय होती. चॅम्पियनला त्याच्या तोंडाकडे बघवत नव्हतं.

“आज हात राखून खेळू नकोस,” पट्टीचं टोक दाबून बसवत आंधळा म्हणाला. “माझा सगळा खेळ मी पोराच्या हातात उतरवलाय. त्या दिवशी मी प्लॅस्टरकडून हरलो की तुझ्याकडून, ते मला एकदा कळलंच पाहिजे.”