पाठीवरचे धपाटे

"गोदाम फुटताना बॅटरी तुम्हीच धरली होती ना?" सरकारी वकिलांनी विचारलं.

"आठवतं तरी तसंच," हेमांगी म्हणाली. आपण असं कसं केलं, हे काही तिला उमगत नव्हतं.

तापात तिची स्मृती पुसली गेली, तेव्हा डॉक्टरांनी वारलेल्या नणंदेच्या आठवणी तिच्या मेंदूत भरल्या. पुढे स्वतःच्याही थोड्या परतल्या, पण कोणती कुणाची ते यंत्रालाही सांगता येईना. म्हणून चोरांची साथीदार ठरून ती पिंजऱ्यात उभी होती.

तिच्या वकील दाभाडेबाईंनी हळूच विचारलं, "त्या दिवशी आधी काय झालं, बाळ?"

हेमांगीचा चेहरा उजळला. "माझ्या लेकीचं, रेवतीचं बारसं. मी तिच्या कानात कुर्र केलं, बायकांनी माझ्या पाठीत धपाटे घातले. मग त्याच साडीत मी गोदामाकडे गेले."

"साहेब, कानात नाव आत्या सांगते," दाभाडेबाई म्हणाल्या. "धपाटेही तिलाच. हा सबंध दिवस नणंदेचा आहे."

न्यायाधीशांनी हेमांगीला खटल्यातून मुक्त केलं.

बाहेर तिचा नवरा मकरंद रेवतीला घेऊन उभा होता. "सुटलीस की. मग रडतेस का?"

"बारसंही गेलं रे. तेव्हा मी कुठे होते?"

"पाळण्यापलीकडे. कानाला रुमाल बांधून."

हेमांगीने डोळे मिटले. पाळण्यापलीकडे रुमाल बांधलेली एक सुकलेली बाई लेकीकडे टक लावून बघत होती. इतके दिवस हेमांगी तिलाच नणंद समजत आली होती.