दोनशे मुलं, पंचेचाळीस बाकं

"तीन मुलांची बाकं क्ष, सहा मुलांची य," लेक म्हणाली. "दोन्ही मिळून पंचेचाळीस. आता पुढे काय, बाबा?"

सुताराचं लक्ष गणितात नव्हतं. ते समोरच्या बंद दारात होतं. त्या दाराआड त्याच्या बायकोच्या पोटातली गाठ काढत होते आणि दारावरचा लाल दिवा काही केल्या विझत नव्हता. डॉक्टर चार तास म्हणाले होते. झाली होती जेमतेम वीस मिनिटं, आणि तेवढ्यात तो टेबलामागच्या नर्सला तीनदा विचारून आला होता. चौथ्यांदा गेला असता तर तिने त्याला खालच्या मजल्यावर पिटाळलं असतं.

बायको शाळेत बीजगणित शिकवायची. आत नेताना तिने लेकीच्या हातात एक कागद ठेवला आणि नवऱ्याला बजावलं, "अहो, पोर घाबरेल. हे गणित तिच्याकडून सोडवून घ्या. मी बाहेर येईपर्यंत तिला रिकामी बसू देऊ नका."

गणित असं होतं: एका शाळेत लहान-मोठी मिळून पंचेचाळीस बाकं आहेत. लहान बाकावर तीन मुलं मावतात, मोठ्यावर सहा. दोनशे मुलं बसली तेव्हा एकही जागा रिकामी राहिली नाही आणि एकही मूल उभं राहिलं नाही. तर लहान बाकं किती आणि मोठी किती?

सुताराचं बीजगणित शाळेबरोबरच सुटलं होतं, पण बाकं म्हटल्यावर त्याला जरा धीर आला. बाकं त्याने शेकड्याने ठोकली होती. कानामागची चपटी पेन्सिल काढून तो लेकीजवळ सरकला.

"दोनशेतून एकशे पस्तीस गेले, राहिले पंच्याहत्तर," लेक म्हणाली.

"पासष्ट, बाळा."

"अरेच्चा, हो की!"

त्याला भडभडून आलं. वर्गात गणितात पहिली येणारी पोर साध्या वजाबाकीला ठेचकाळत होती. कधी क्षच्या जागी य लिहायची, कधी हातचा विसरायची. भीती माणसाची काय दशा करते! त्याने मनाशी ठरवलं, आता जागचं हलायचं नाही. आपण दाराकडे बघितलं की तीही बघणार.

तासाभराने कसंबसं उत्तर निघालं. मोठी बाकं एकवीस पूर्णांक दोन तृतीयांश.

"बाकाचे तुकडे कोण बनवतं?" सुतार म्हणाला. "गिऱ्हाईक माझ्याच डोक्यात घालेल. राहू दे तुझं क्ष आणि य. आपण एकेक बाक लावून बघू."

इतक्यात दार धाडकन उघडलं. एक वॉर्डबॉय धावत गेला आणि रक्ताची पिशवी घेऊन तसाच धावत परतला. सुतार अर्धवट उठलाच होता.

"बाबा, हे बघा ना," लेकीने त्याची बाही ओढली. "माझं पुन्हा चुकलं."

तिचा आवाज कापत होता. तो बसला. त्याने एक मोठं बाक लिहिलं, चव्वेचाळीस लहान. मग दोन मोठी, त्रेचाळीस लहान. एकवीस मोठ्या बाकांशी पोचला तेव्हा मुलं झाली एकशे अठ्ठ्याण्णव. दोन उभीच राहिली. बावीस मोठी केली तर दोनशे एक. एक जागा रिकामी.

आणि त्याच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. लहान बाक काढून मोठं ठेवलं की दर वेळी तीनच जागा वाढतात. बेरीज तीन-तीनच्या उड्या मारत जाते आणि दोनशेला बरोबर चुकवून पुढे पळते. हे गणित सात जन्मांत सुटणार नव्हतं.

वा रे मास्तरीणबाई! पोर गुंतून राहावी म्हणून मुद्दाम न सुटणारं घातलं होतं. आणि हा आकडेमोडीचा कागद पोरीने नीट बघितला तर तिला ते कळायला कितीसा वेळ लागणार? त्याने तो पटकन घडी करून खिशात कोंबला.

"माझीच बेरीज चुकली वाटतं," तो म्हणाला. "पुन्हा पहिल्यापासून करू."

लेकीने मान हलवली आणि नवा कागद काढला.

चार तास झाले. पाचवा सुरू झाला. पण सुताराने ताकास तूर लागू दिली नाही. लेक चुकत राहिली, तो दुरुस्त करत राहिला.

अखेर लाल दिवा विझला. डॉक्टर बाहेर आले, मास्क खाली करून म्हणाले, "गाठ निघाली. तपासायला पाठवतोय, पण बघून तरी काळजीचं वाटत नाही. थोडं जास्त रक्त गेलं, एवढंच." सुतार भिंतीला टेकून लहान पोरासारखा रडला.

संध्याकाळी बायको शुद्धीवर आली. तो औषधं आणायला खाली गेला होता. जिना चढताना त्याला कधी एकदा तिला सांगतो असं झालं होतं: तुझी युक्ती ओळखली मी, पण पोरीला शेवटपर्यंत पत्ता लागू दिला नाही.

दाराशी आला तेव्हा आतून तिचा क्षीण आवाज ऐकू आला.

"किती चुका कराव्या लागल्या गं?"

"एकतीस," लेक म्हणाली. "पण बाबांना एकदाही उठू दिलं नाही."