बेवारस गाणं

सातपुड्यावरच्या आपल्या कविता छापखान्यात देण्याआधी अमळनेरचे चुडामणनाना बैलगाडीने शिरपूरपुढच्या खेड्यात डोंगर बघायला आले. तिथे वच्छला कापूस वेचता वेचता डोंगराचं गाणं म्हणत होती. नानांच्या पोटात दुखलं. असली एक ओळ त्यांना सात जन्मांत जमली नसती.

“पोरी, कोणी रचलं हे?”

वच्छलाने पदर तोंडाला लावून मान खाली घातली. पुन्हा विचारलं, तरी तेच.

नानांचा जीव भांड्यात पडला. रचणाऱ्याचं नावच नाही, मग आपल्या नावावर छापायला कोणाची हरकत? त्यांनी घाईघाईने पेन्सिल काढली.

शेजारची म्हातारी हसली, “नाना, धनीनं नाव ती कशी लेई? थांबा, तो बांधवर बशेल शे, हाक मारस.”