गावदर्शन, जेवणासह

प्रवासी मिळत नाहीत म्हणून हिदाच्या डोंगरातल्या आमच्या गावाची बस बंद झाली. शहरातून सहलीच्या बस मात्र रोज भरभरून येतात.

होसोए आजी सकाळी शेजारच्या तेत्सुओच्या भाजीच्या टेम्पोतून डोळे दाखवायला शहरात गेल्या. टेम्पो तिकडेच बिघडला, आणि घरी परतायला दुसरं काहीच नव्हतं. शेवटी त्यांनी सहलीचं तिकीट काढलं.

"पहिल्यांदाच येताय का, आजी?" नव्या गाईडताईने विचारलं.

"नाही गं. येऊन-जाऊन असते," आजी म्हणाल्या.

वाटभर गाईडताई माइकवरून सांगत होती, "इथली माणसं अजून जुन्या काळात रमलेली आहेत. गाव सोडून कुठे जावंसंच वाटत नाही त्यांना."

"जायला बस कुठाय?" आजी पुटपुटल्या. शेजारी बसलेल्या ओसाकाच्या बाईंना तो विनोद वाटला. त्या खुदकन हसल्या.

बस नेमकी आजींच्याच दारात थांबली. छपराखाली वाळत घातलेल्या मुळ्यांचे फोटो काढायला सगळे उतरले. आजींचे गुडघे बोलायला लागले होते. कधी एकदा घरात जाऊन चहा टाकते, असं त्यांना झालं होतं. गर्दीतून वाट काढत त्या पायरी चढल्या आणि दार सरकवून त्यांनी चपला काढल्या.

मागून गाईडताई धावत आली.

 

"आजी, आत नका जाऊ हो. तिथे खरीखुरी माणसं राहतात."