दुसरी खोली

"कुटुंब सोबत राहणार असेल तर दोन खोल्यांचं भाडं धरतात, नाहीतर एकाच खोलीचं," मी सांगितलं. निवृत्तीनंतर कॉलेजला जाणाऱ्या सैनिकांच्या घरभाडे भत्त्याचा अंदाज काढणं हे माझं काम.

हवालदार धायगुडे खाटेशेजारी ताठ उभे होते. कांबळ्याची चौकोनी घडी, उंचीप्रमाणे लावलेली बी.ए.ची पुस्तकं. जणू मी बराकीची तपासणी करायला आले होते.

दुसऱ्या खोलीत दोन नव्या गाद्या होत्या, अजून प्लॅस्टिकमध्येच. खिडकीपाशी मुलीसाठी छोटं टेबल.

"मिसेस आणि मुलगी कधी येणार?"

"दिवाळीत म्हणाल्या होत्या. मग पोरीची परीक्षा निघाली. आता उन्हाळ्यात म्हणतात." हजेरी द्यावी तसा त्यांचा आवाज सपाट होता. "त्यांचं काही चुकत नाही, मॅडम. नोकरीत मीही असंच करायचो. येतो म्हणून कळवायचो, ती घर आवरून बसायची आणि माझी रजा रद्द व्हायची."

"उन्हाळ्यापर्यंत दोन खोल्या धरता येतील," मी म्हणाले.

"नको. एकट्याचंच धरा."

त्यांनी दुसऱ्या खोलीतला दिवा मालवला आणि आत कुणी झोपलं असावं तसं दार हळूच ओढून घेतलं.