एकोणतीस खोकले

शीलाच्या लग्नात वऱ्हाडाला पाय धुवायला तांब्याभरच पाणी मिळालं, त्या २०१३ सालच्या जूनमध्ये तिचा भाऊ गोकुळ औरंगाबादच्या एका स्टुडिओत बसून आपल्या बापाला स्वच्छ करत होता.

पुण्याच्या दिग्दर्शकाला सिनेमातला दुष्काळ अगदी अस्सल हवा होता. म्हणून त्यानं करमाडच्या माळावर जाऊन खऱ्या मेंढपाळाची, म्हणजे गोकुळच्या बापाची, सूर्यभानची हाळी रेकॉर्ड करून आणली. अडचण एकच. सूर्यभान हाळी देता देता खोकायचा. एवढा अस्सलपणा दिग्दर्शकाला नको होता. "खोकला काढ. आवाज खणखणीत पाहिजे," तो म्हणाला.

गोकुळचा कान नावाजलेला. संवादामागं माशी घोंगावली तरी तो तिला हुडकून उडवायचा. हा कान बापाचाच. दोनशे मेंढ्यांत एक खोकली, तरी सूर्यभान पाठ फिरवून तिला अचूक ओळखायचा.

हाळीचं काम संपलं त्या दुपारी गोकुळनं बापाला कौतुकानं बोलावून घेतलं. स्टुडिओच्या जागी पूर्वी सूर्यभानच्याच मेंढ्या चरायच्या. आता तिथं गवताची काडी नव्हती, म्हणून त्या वसाहतीचं नाव हरितनगर ठेवलं होतं. म्हातारा चपला बाहेर काढून गादीच्या खुर्चीच्या कडेवर टेकला. गोकुळनं त्याच्या कानांवर हेडफोन चढवला आणि हाळी वाजवली.

"ह्यो मी नाय," सूर्यभान म्हणाला.

"तुमीच की, आबा!"

"मंग माझा खोकला कुठं गेला?"

"काढला ना! एकोणतीस ठिकाणी होता. एक बी सुटू दिला नाय." गोकुळची छाती फुगली होती.

सूर्यभाननं हेडफोन उतरवून टेबलावर ठेवला.

"मेंढी दोनदा खोकली, तर मी तिला धरून औषध पाजतो. तू एकोणतीस डाव ऐकलं. एकदा बी इचारलं का रं, आबा, काय होतंय म्हणून?"

गोकुळ वरमला. सिनेमा हातावेगळा झाला की लगेच बापाला घाटी दवाखान्यात न्यायचं, असं त्यानं तिथल्या तिथं ठरवून टाकलं. सिनेमा हातावेगळा व्हायला नोव्हेंबर उजाडला.

पुढच्या वर्षी त्याला उत्कृष्ट ध्वनीचं बक्षीस मिळालं. परीक्षकांनी मेंढपाळाच्या ठणठणीत आवाजाचा खास उल्लेख केला.

सूर्यभान १६ ऑक्टोबर २०१३ रोजी क्षयानं वारला.